अर्धाच हिशेब

शेजारच्या वहिनी श्रावणात गेल्या. दिवसांना आलेला प्रत्येक जण म्हणाला, "सोन्यासारखा संसार केला." केलाच. पण हा हिशेब अर्धा आहे, बाईला काय हवं होतं ते त्यात नाही, आणि तो मला बोचतो.

सत्तरच्या दशकापर्यंतच्या वर्षांबद्दल सांगण्यासारखं फार नाही. आमच्या पेठ वडगावात माझ्यापर्यंत पोचल्या त्या सोशीक सुनांच्याच गोष्टी.

ऐंशीचं दशक मात्र वेगळं. 1980 साली गौरी देशपांडे यांचं 'एकेक पान गळावया' आलं. वहिनींनी ते माझ्याकडून नेलं आणि जोंधळ्याच्या डब्यात खुपसून ठेवलं. दुपारी सासूबाईंचा डोळा लागला की डबा उघडायचा. पुस्तक परत आलं तेव्हा पानापानांत भुसा होता. "असलं मनातलं लिवायचं असतंय व्हय?" एवढंच त्या म्हणाल्या. त्यांच्या मनात काय होतं, कोण होतं, ते कधीच ओठांवर आलं नाही. बाजाराच्या दिवशी पिशव्या घेऊन त्या नवऱ्याच्या चार पावलं मागून चालत राहिल्या.

मग 1982 साली 'उंबरठा' आला. एसटीनं कोल्हापूरला जाऊन आम्ही तो पाहिला. सुलभा कामासाठी घराबाहेर पडते, आणि परत येते तेव्हा नवऱ्यानं दुसरीशी संबंध जोडलेला असतो. तो तसं सांगतो आणि तिनं ते चालवून घ्यावं असं धरून चालतो. ती घर सोडते. त्या वेळी आमच्याकडच्या शहाण्यांनी निकाल दिला, "पोरीला टाकून गेली." नवऱ्याबद्दल एकानंही अवाक्षर काढलं नाही. त्याची इच्छा बोलून दाखवण्याजोगी. तिला काय हवं होतं, हे विचारायची कुणाला गरजच वाटली नाही.

13 डिसेंबर 1986ला सुलभा साकारणारी स्मिता पाटील गेली, अवघ्या 31व्या वर्षी. ऑगस्ट 1989मध्ये विद्या बाळ यांनी 'मिळून साऱ्याजणी' हे मासिक सुरू केलं. तेव्हा वाटलं, आता बाया बोलतील. आज मालिका लावून बघा. मनात काही इच्छा धरणारी बाई तिथं कपटी ठरते आणि सोसणारी भरजरी साडीत मिरवते. चाळीस वर्षांत आपण मागेच आलो.

कायदाही तसाच. व्यभिचाराचं 497वं कलम सर्वोच्च न्यायालयानं 2018 साली रद्द केलं. पण 1 जुलै 2024पासून लागू झालेल्या भारतीय न्याय संहितेत, दुसऱ्याची बायको फूस लावून नेण्याचा जुना गुन्हा 84व्या कलमात पुन्हा आलाच. बाई म्हणजे कुणीतरी पळवायची वस्तू! हे कलम रद्द झालं पाहिजे, आणि ती मागणी विवाहित बायांनीच आपापल्या खासदारांकडे लेखी केली पाहिजे.