हॉकी ऐकण्याच्या वाटा

(नभोवाणीवरील भाषणाचा संपादित भाग)

हॉकी म्हटले की आपल्या डोळ्यांसमोर मैदान येते, ध्यानचंद येतात. आणि ज्यांनी साठी ओलांडली आहे त्यांच्या कानांत १५ मार्च १९७५ चा दिवस घुमू लागतो. त्या दिवशी क्वालालंपूरला विश्वचषकाच्या अंतिम सामन्यात भारताने पाकिस्तानला २-१ असे हरवले. सुरजितसिंग यांनी बरोबरी साधली, अशोककुमार यांनी विजयी गोल केला. घरोघरी दूरचित्रवाणी संच येण्यापूर्वीचा तो काळ. देशातल्या असंख्य लोकांनी तो सामना पाहिला तो जसदेवसिंग यांच्या आवाजातून, रेडिओभोवती बसून.

आज ज्या हॉकीविषयी बोलायचे आहे ती मात्र बर्फावरची, म्हणजे कॅनडा आणि अमेरिकेत खेळली जाणारी आइस हॉकी. आपल्याकडच्या अनेक कुटुंबांतली मुले-नातवंडे आता टोरांटोत, न्यू जर्सीत, शिकागोत राहतात. शाळेत, बसमध्ये, शेजारीपाजारी त्यांच्या कानावर हाच खेळ पडतो. मग इथे पुण्यात किंवा नागपुरात बसलेल्या आजोबांना वाटते, की हा सामना आपल्यालाही ऐकता येईल का? येईल. त्याच्या वाटा कोणत्या, हे समजून घेऊ.

प्रथम खेळाची तोंडओळख. सुमारे २०० फूट लांब आणि ८५ फूट रुंद बर्फाचे आवार, भोवती लाकडी-प्लास्टिकच्या भिंती. एका वेळी प्रत्येक संघाचे पाच खेळाडू आणि एक गोलरक्षक. वीस-वीस मिनिटांची तीन सत्रे. चेंडूऐवजी ‘पक’ नावाची रबराची चकती, तीन इंच व्यासाची आणि एक इंच जाडीची. जोरात मारली तर ती ताशी १६० किलोमीटरहून अधिक वेगाने जाते. नवख्या माणसाला ती पडद्यावरही धड दिसत नाही. म्हणूनच या खेळात बोलणाऱ्याला फार महत्त्व आले.

ही परंपरा जुनी आहे. फेब्रुवारी १९२३ मध्ये ‘टोरांटो स्टार’ या वृत्तपत्राच्या रेडिओ केंद्रावरून नॉर्मन अल्बर्ट यांनी एका सामन्याच्या अखेरच्या सत्राचे धावते वर्णन केले. त्याच वर्षी फॉस्टर ह्युइट नावाचा तरुण वार्ताहर हे काम करू लागला आणि पुढे कित्येक दशके कॅनडातल्या हॉकीचा आवाज तोच झाला. १९३१ मध्ये टोरांटोत ‘मेपल लीफ गार्डन्स’ हे क्रीडागृह उभे राहिले तेव्हा ह्युइट यांच्यासाठी बर्फापासून सुमारे ५६ फूट उंचावर एक खास सज्जा बांधला होता. शनिवारी रात्री तिथून ते कॅनडाच्या, अमेरिकेच्या आणि न्यूफाउंडलंडच्या श्रोत्यांना नमस्कार करत. न्यूफाउंडलंडचे नाव वेगळे घ्यावे लागे, कारण तो प्रदेश १९४९ पर्यंत कॅनडात नव्हता. महायुद्धाच्या काळात परदेशी गेलेल्या कॅनेडियन सैनिकांसाठी सामन्यांची संक्षिप्त वर्णने पाठवली जात. घरापासून दूर असलेल्या माणसाला घरचा खेळ ऐकवणे हे काम तेव्हापासूनचे आहे.

आता वाटांकडे वळू. पहिली वाट मध्यमलहरींची. दिवसा या लहरी जमिनीलगत काही अंतर जातात आणि क्षीण होतात, कारण आयनांबराचा खालचा थर त्यांना शोषून घेतो. सूर्य मावळला की हा थर विरतो, लहरी वरच्या थरांवरून परावर्तित होऊन शेकडो मैल दूर उतरतात. हॉकीचे सामने बहुधा रात्रीच होतात, हा मोठाच योग. सेंट लुइस शहरातील ५० किलोवॉटचे ‘केएमओएक्स’ हे केंद्र अनेक वर्षे तिथल्या ‘ब्लूज’ संघाचे सामने प्रसारित करत असे, आणि रात्री हमरस्त्यावरून ट्रक हाकणारा चालक ते अनेक राज्यांपलीकडे ऐकत असे. पुढे हे सामने एफएम केंद्राकडे गेले. एफएमचा आवाज स्वच्छ, पण त्याच्या लहरी साधारण क्षितिजापर्यंतच पोहोचतात. म्हणजे आवाज सुधारला आणि पल्ला घटला.

दुसरी वाट उपग्रहाची. अमेरिकेत आणि कॅनडात ‘सिरियसएक्सएम’ ही वर्गणी भरून ऐकायची सेवा आहे. मोटारीत बसवलेला रेडिओ तिचे प्रसारण थेट उपग्रहावरून घेतो, त्यामुळे शहर मागे पडले तरी सामना तुटत नाही. तिथे लांबचा प्रवास करणाऱ्यांना ती सोयीची. तिचे उपग्रह मात्र उत्तर अमेरिकेसाठीच आहेत. आपल्या घराच्या गच्चीवर कितीही ॲन्टेना लावला तरी उपयोग नाही.

तिसरी वाट इंटरनेटची, आणि आपल्यासाठी तीच खरी. नॅशनल हॉकी लीग, म्हणजे एनएचएल, ही बत्तीस संघांची संघटना आहे. तिच्या अधिकृत संकेतस्थळावर किंवा मोबाइलमधील ॲपवर वेळापत्रकातला सामना निवडावा आणि दृश्याऐवजी ध्वनीचा पर्याय शोधावा. तिथे यजमान आणि पाहुणा अशा दोन्ही संघांचे समालोचन मिळू शकते. आपल्या माणसांचा संघ जो असेल त्याचा आवाज निवडावा. त्या आवाजाला आनंद आणि दुःख दोन्ही होते.

इथे एक अडचण समजून घ्यावी. एखादे स्थानिक केंद्र आपल्या संकेतस्थळावर दिवसभर ऐकू येते, पण नेमक्या सामन्याच्या वेळी काही वेळा तिथे दुसराच कार्यक्रम लागतो. यंत्र बिघडलेले नसते. हवेतून प्रसारण करण्याचा हक्क आणि इंटरनेटवरून जगभर पोहोचवण्याचा हक्क हे दोन वेगळे करार असतात. अशा वेळी ‘फुकट ऐका’ म्हणून बोलावणाऱ्या अनोळखी ठिकाणी बँकेच्या कार्डाचा क्रमांक देऊ नये. अधिकृत जागीच जावे.

खर्चाचे म्हणाल तर ध्वनी स्वस्त असतो. सेकंदाला ६४ किलोबिट या वेगाने तासाला सुमारे २९ एमबी डेटा लागतो. अडीच तासांचा सामना ७५ एमबीच्या आत बसतो. दृश्याला त्याच्या अनेक पट लागतो. मात्र इंटरनेटवरचा आवाज काही सेकंद, कधी अर्धा-एक मिनिट मागे असतो. टोरांटोहून नातवाचा ‘गोल!’ असा संदेश आधी येतो आणि समालोचक नंतर ओरडतो. त्यासाठी तेवढा वेळ संदेश बंद ठेवणे बरे.

वाटा अशा वाढल्या. पण त्या वाटेने जे येते त्यात बदल होतो आहे, आणि मला आज मुख्यतः तेच सांगायचे आहे. दूरचित्रवाणीवरचा समालोचक गप्प बसला तरी चालते, चित्र बोलत असते. रेडिओवरच्या समालोचकाला गप्प बसता येत नाही. पक कोणाकडे आहे, कोणत्या कोपऱ्यात आहे, किती वेळ उरला, गुणफलक काय, हे त्याला सतत सांगावे लागते. सामन्याच्या आरंभी कित्येक रेडिओ समालोचक सांगतात, की आपला संघ तुमच्या रेडिओच्या तबकडीवर डावीकडून उजवीकडे जातो आहे. एवढ्या एका वाक्याने ऐकणाऱ्याच्या मनात मैदान उभे राहते.

खर्च वाचवण्यासाठी काही संघांनी हा वेगळा माणूसच काढून टाकला. डॅलस स्टार्स संघात एकच समालोचन दूरचित्रवाणी आणि रेडिओ दोहोंसाठी वापरण्याची पद्धत जुनी आहे. कॅरोलिना हरिकेन्सने २०१८ मध्ये रेडिओचे स्वतंत्र समालोचन थांबवले. दोन्ही श्रोत्यांना सांभाळणारे कुशल समालोचक असतात, नाही असे नाही. पण ‘हे पाहा काय केले!’ असे उद्गार आले, की ज्याला पाहता येत नाही तो बाहेर राहतो. अंध श्रोत्याला, गाडी चालवणाऱ्याला, स्वयंपाकघरात हात गुंतलेल्या गृहिणीला सामना ‘उपलब्ध’ असतो, पण कळत नाही. आवाज पोहोचणे आणि सामना पोहोचणे यांतला हा फरक आहे.

याच्या उलट एक चांगले उदाहरणही कॅनडातच आहे. २००८ मध्ये सीबीसी या तिथल्या सार्वजनिक संस्थेने हॉकीचे समालोचन पंजाबीतून सुरू केले. हरनारायणसिंग यांचा आवाज त्यातून घरोघरी गेला. २०१६ च्या अंतिम फेरीत पिट्सबर्गच्या निक बोनिनोने गोल केला तेव्हा त्यांनी त्याचे नाव ज्या उत्साहाने पुन्हापुन्हा पुकारले, ते पंजाबी न कळणाऱ्यांनीही आवडीने ऐकले. हे समालोचन दूरचित्रवाणीसाठी होते; पण आजी-आजोबांना आपल्या भाषेत सामना सांगणारा कोणीतरी आहे, ही भावना महत्त्वाची. क्रिकेटच्या बाबतीत बाळ ज. पंडित यांनी मराठी श्रोत्यांना ती दिली होती.

तेव्हा एक प्रयोग करून पाहा. हा मोसम ऑक्टोबरला सुरू होतो आणि अंतिम फेरी जूनपर्यंत चालते. टोरांटोत संध्याकाळी सातला सुरू होणारा सामना हिवाळ्यात आपल्याकडे दुसऱ्या दिवशी पहाटे साडेपाचला लागतो. तिथली घड्याळे मार्चपासून तासभर पुढे गेली की साडेचारला. कॅनडात शनिवारची रात्र हॉकीची मानतात, म्हणजे आपली रविवारची पहाट. चहाचे आधण ठेवावे, दृश्य बंद करून फक्त आवाज लावावा, आणि पहिली दहा मिनिटे पक कुठे आहे ते मनाशी सांगून पाहावे. सांगता आले, तर तिकडे माइकमागे बसलेला माणूस त्याचे काम नीट करतो आहे असे समजावे. मग दुपारी नातवाचा फोन आला, की सामन्याविषयी विचारायची पाळी त्याची असेल.