ताळमेळाची विद्या

मागच्या महिन्यातल्या एका रविवारी सकाळी आमच्या दारावरची बेल वाजली. दारात तिसऱ्या मजल्यावरचे शेजारी उभे होते आणि त्यांच्या मागे त्यांची धाकटी मुलगी, हातात प्लास्टिकची फाइल घेऊन. बँकेतून निवृत्त झालेल्या माणसाच्या दारी कुणी फाइल घेऊन आले, की काम काय ते सांगावे लागत नाही. मी कादंबऱ्या लिहितो याचे आमच्या शांती नगरातल्या सोसायटीला फारसे सोयरसुतक नाही. कर्जाचा अर्ज भरायचा असला की मात्र सगळ्यांना माझी आठवण होते.

"साहेब, हिला बायोइन्फर्मेटिक्स शिकायला पुण्याला जायचंय," शेजारी म्हणाले. "हे नक्की काय असतं? आणि त्यात पुढे काही आहे का?"

पहिल्या प्रश्नाचे उत्तर मला अर्धेमुर्धेच येत होते. दुसरा प्रश्न ऐकून मात्र मी एकदम गप्प झालो. हाच प्रश्न बावीस-तेवीस वर्षांपूर्वी मी स्वतः, टेबलाच्या दुसऱ्या बाजूला बसून, एका मुलाला विचारला होता.

साल २००३. मी तेव्हा एका शाखेत कर्ज विभाग सांभाळत होतो. शैक्षणिक कर्जाची नवी योजना २००१ मध्ये आली होती आणि तिच्यानुसार चार लाखांपर्यंत तारण मागायचे नव्हते. वनस्पतिशास्त्राचा पदवीधर असलेला एक मुलगा अर्ज घेऊन आला. विषय हाच. मी विचारले, "यात पुढे काय?" तो बराच वेळ बोलत राहिला. पेशी, संगणक, अक्षरे, असे काहीसे. माझ्या डोळ्यांसमोर होत्या त्या काळातल्या जाहिराती. नाक्यानाक्यावरचे संगणक क्लास तेव्हा याच नावाची सहा-सहा महिन्यांची प्रमाणपत्रे विकत होते. मी अर्जावर 'रोजगाराची शक्यता संदिग्ध' असा शेरा मारला. मुलगा तीनदा आला, चौथ्यांदा आला नाही.

विशेष म्हणजे त्याच वर्षीच्या एप्रिलमध्ये मानवी जनुकसंचयाचे वाचन पूर्ण झाल्याची घोषणा झाली होती. माणसाच्या पेशीतल्या सुमारे तीन अब्ज अक्षरांची जुळणी! ती बातमी मी कौतुकाने कापून वहीत चिकटवली होती. पण वहीतले ते कात्रण आणि टेबलावरचा तो अर्ज या एकाच गोष्टीच्या दोन बाजू आहेत, हे काही माझ्या ध्यानात आले नाही. माझी शंका अगदीच निराधार होती असे नाही. पण शंका आली तर चौकशी करायची असते. कोणते विद्यापीठ, कोण शिकवते, काय शिकवते, यातले काहीच मी विचारले नाही. तो शेरा मला अजून टोचतो.

असो. शेजाऱ्यांना बसवले, चहा झाला. मग मी मुलीलाच म्हटले, "तूच सांग आम्हाला."

"काका, तुम्ही बँकेत होतात ना? मग तुम्हाला पटकन कळेल," ती म्हणाली. तिने एका कागदावर अक्षरांची एक ओळ लिहिली: क र म त स ल. तिच्याखाली दुसरी: क र त स ल. "यात साम्य किती?"

मी अक्षरांखाली अक्षरे पाहत गेलो. पहिली दोन जुळतात. मग म खाली त, त खाली स, स खाली ल. पुढे सारा घोळ. मुलगी हसली. तिने म च्या खाली एक जागा रिकामी सोडून दुसरी ओळ पुन्हा लिहिली. पाचही अक्षरे आपापल्या जोडीदाराखाली जाऊन बसली.

मी चहाचा कप खाली ठेवला. अहो, हे तर आमचे रिकन्सिलिएशन! पार्टीची वही आणि बँकेचे लेजर यांचा मेळ घालताना एका बाजूची एक नोंद सुटलेली असली, तर तिथून पुढची प्रत्येक ओळ चुकते. हुशार कारकून अशा वेळी घाबरत नाही. तो एक ओळ मोकळी सोडतो आणि पुढचे जुळते का ते पाहतो. हजार नोंदी चुकलेल्या नसतात, एकच सुटलेली असते. तसेच आकड्यांच्या अदलाबदलीचे. ५,४७२ च्या जागी ५,४२७ लिहिले गेले तर फरक येतो ४५. फरकाला नऊने भाग गेला की शेजारशेजारचे अंक उलटे पडले असतील, हा आम्हा जुन्या लोकांचा पहिला संशय. चुकांनाही त्यांच्या खुणा असतात.

जीवसृष्टीचे लेखन अशाच अक्षरांत आहे. डीएनएची अक्षरे चार. त्यांच्या आधारे पेशीत प्रथिने बनतात. प्रथिने म्हणजे वीस प्रकारच्या अमिनो आम्लांच्या माळा. पिढ्यान् पिढ्या नक्कल होताना एखादे अक्षर बदलते, एखादे गळते, एखादे जास्तीचे घुसते. दोन जिवांच्या माळा शेजारी ठेवून काय टिकले, काय बदलले, काय गळले हे शोधायचे, म्हणजे त्यांचे नाते कळते आणि अनोळखी माळेचे काम काय असावे याचा अंदाज बांधता येतो. सौल नीडलमन आणि ख्रिश्चन वुन्श या दोघांनी १९७० मध्ये यासाठी एक रीत बसवून दिली. अक्षर जुळले तर गुण द्यायचे, जागा मोकळी सोडावी लागली तर गुण कापायचे आणि सर्वांत जास्त गुण मिळवणारी जुळणी निवडायची. आमच्या हेडक्लार्कांनी जे वर्षानुवर्षे लाल पेन्सिलीने केले, ते या दोघांनी संगणकाला शिकवले.

त्याच्याही आधी, १९६५ मध्ये, मार्गारेट डेहॉफ या अमेरिकन विदुषीने तोवर माहीत असलेल्या ६५ प्रथिनांच्या माळांचा एक संग्रह छापला होता. तिने आणखी एक काम केले. प्रत्येक अमिनो आम्लाला एकच अक्षर दिले. ल्युसिनला एल, आर्जिनिनला आर. तेव्हाच्या संगणकांना भोकांच्या पत्त्यांवरून माहिती द्यावी लागे, त्यात जागा वाचावी हा साधा हिशोबी हेतू.

हे सगळे परदेशातले झाले. आपल्याकडे? मुलीने फाइलमधून पुणे विद्यापीठाचे, म्हणजे २०१४ पासूनच्या सावित्रीबाई फुले पुणे विद्यापीठाचे, माहितीपत्रक काढले. तिथले बायोइन्फर्मेटिक्स केंद्र १९८७ चे. केंद्र सरकारच्या जैवतंत्रज्ञान विभागाची स्थापनाच १९८६ ची. म्हणजे विभाग उभा राहिला आणि पाठोपाठ हे केंद्र निघाले. त्या काळी आमच्या बँकेत लेजर पोस्टिंगची यंत्रे नुकती येऊ घातली होती आणि ती येऊ नयेत म्हणून आम्ही गेटवर घोषणा देत होतो. गणेशखिंडीच्या त्याच आवारात १९८८ मध्ये स्थापन झालेल्या सी-डॅकने १९९१ मध्ये 'परम ८०००' हा महासंगणक उभा केला.

या केंद्रात १९९० साली झालेले एक काम मला विशेष वाटते. अशोक कोळस्कर आणि प्रसाद टोंगावकर यांनी एक पद्धत मांडली. कोळस्कर पुढे याच विद्यापीठाचे कुलगुरू झाले. शरीरात विषाणू शिरला की आपली प्रतिपिंडे त्याच्या प्रथिनाच्या सबंध माळेला ओळखत नाहीत. तिच्यातल्या काही ठरावीक तुकड्यांना ओळखतात. लस करायची तर ते तुकडे कोणते हे कळायला हवे. प्रयोगशाळेत एकेक तुकडा तपासायचा तर वेळ आणि पैसा दोन्ही खूप जातात. या दोघांनी आधी प्रयोगांतून सिद्ध झालेल्या तुकड्यांचा हिशोब मांडला. त्यांत कोणती अमिनो आम्ले वारंवार येतात, हे पाहून नव्या माळेतले संभाव्य तुकडे सांगायची सोपी रीत त्यांनी दिली. तिची अचूकता सुमारे ७५ टक्के.

"पंचाहत्तरच?" शेजारी म्हणाले. मलाही तेच वाटले होते. शंभरात पंचवीस चुका करणारा रोखपाल संध्याकाळपर्यंत निलंबित होईल. पण मुलीने समजावले, "बाबा, हा हिशोबाचा शेवट नाही, सुरुवात आहे. हजार कुलपांपैकी आधी कोणती उघडून पाहायची, एवढंच हे सांगतं. उघडून पाहायला प्रयोगशाळाच लागते." पुण्यात निघालेली ती रीत आजही जगभर वापरली जाते आणि २०२० मध्ये करोनाच्या विषाणूवर लस शोधणाऱ्या कितीतरी अभ्यासकांनी ती हाताशी घेतली.

याच केंद्रात १९९९ मध्ये कोळस्कर आणि ऊर्मिला कुलकर्णी-काळे यांनी जपानी मेंदूज्वराच्या विषाणूच्या वेष्टन-प्रथिनाचा आकार संगणकावर वर्तवला. डासांतून पसरणारा आणि मुख्यतः लहान मुलांना गाठणारा हा आजार. त्या प्रथिनाची प्रत्यक्ष रचना तेव्हा कुणी काढलेली नव्हती. पण त्याच्या एका चुलतभावाची, गोचिडीमार्फत पसरणाऱ्या मेंदूज्वराच्या विषाणूची, रचना हाती होती. दोन माळांचा मेळ घालून, ज्ञात भावावरून अज्ञात भावाचा चेहरा रेखाटला गेला. प्रयोगशाळेतून त्या प्रथिनाची प्रत्यक्ष रचना प्रसिद्ध झाली ती २०१२ मध्ये. मधली तेरा वर्षे अभ्यासकांना कामापुरता एक नकाशा मिळाला होता.

आता २०२१ चा एप्रिल आठवा. आमच्या सोसायटीचे गेट बंद, दूधवाला बाहेरच पिशव्या ठेवून जाई. रुग्णवाहिकांच्या आवाजाने रात्री झोप लागत नसे. सी विंगमधले दोघेजण त्या महिन्यात गेले. वर्तमानपत्रांतून एक विचित्र खूण पुन्हा पुन्हा दिसे: एल-४५२-आर. मला तो एखाद्या चेकचा नंबर वाटे. त्या रविवारी मुलीने तो उलगडून दाखवला. विषाणूच्या काटेरी प्रथिनात १,२७३ अमिनो आम्ले असतात. त्यातल्या ४५२व्या जागी एल होता, तिथे आर आला. ल्युसिनच्या जागी आर्जिनिन. डेहॉफबाईंनी पत्त्यावरची जागा वाचवायला दिलेली तीच अक्षरे! खातेवहीच्या भाषेत सांगायचे तर ओळ क्रमांक ४५२, जुनी नोंद एल, नवी नोंद आर.

ही नोंद कुणी पकडली? जानेवारी २०२० मध्ये चीनमधून या विषाणूची मूळ माळ, सुमारे तीस हजार अक्षरांची, जगापुढे खुली झाली होती. पुण्याच्या राष्ट्रीय विषाणू संस्थेने भारतातल्या पहिल्या रुग्णांच्या नमुन्यांतल्या माळा वाचल्या होत्या. पुढे महाराष्ट्रातल्या दुसऱ्या लाटेचे नमुने आले, तेव्हा तिथल्या अभ्यासकांनी त्या मूळ माळेशी ताडून हे बदल टिपले. त्या कुळातल्या एका शाखेला जागतिक आरोग्य संघटनेने मे २०२१ मध्ये 'डेल्टा' हे नाव दिले. आम्ही दारे लावून बसलो होतो, तेव्हा काही माणसे संगणकापुढे बसून अक्षरांखाली अक्षरे लावत होती. हे काम करणारी माणसे संकट आल्यावर तयार होत नाहीत. ती वीस-तीस वर्षे आधी कुठल्यातरी वर्गात शिकावी लागतात, आणि त्यासाठी कुणीतरी त्यांचा अर्ज मंजूर करावा लागतो.

शेजाऱ्यांचा शेवटचा प्रश्न आजच्या काळाचा होता. "पण साहेब, आता हे सगळं एआय करतं म्हणे. मग हिने शिकून काय करायचं?"

प्रश्न चुकीचा नव्हता. २०२४ चे रसायनशास्त्राचे नोबेल डेव्हिड बेकर यांच्याबरोबर डेमिस हसाबिस आणि जॉन जम्पर यांना मिळाले. या दोघांच्या 'अल्फाफोल्ड'ने माळेवरून प्रथिनाचा आकार सांगायचा प्रश्न बऱ्याच अंशी सोडवला. वीस कोटींहून अधिक प्रथिनांचे अंदाजी आकार आज कुणालाही पाहता येतात. पण ते यंत्र शिकले कशावरून? १९७१ मध्ये अवघ्या सात रचनांवर सुरू झालेल्या एका सार्वजनिक संग्रहावरून. जगभरच्या प्रयोगशाळांनी पन्नास वर्षे त्यात एकेक रचना जमा केली. व्हाउचर आधी, लेजर नंतर. शिवाय ते यंत्र स्वतःच सांगते, माझ्या आकारातला हा भाग खात्रीचा, हा कच्च्या पेन्सिलीचा. तो कच्चा भाग पाहून पुढे काय करायचे, हे कळायला जीवशास्त्र जाणणारा माणूस लागतो.

मी शेजाऱ्यांना आमच्या बँकेतली गोष्ट सांगितली. यंत्रे आली आणि आमची बेरीज गेली, ती कायमची. चूक शोधण्याचे काम मात्र गेले नाही, उलट वाढले. ज्यांना फक्त बेरीज येत होती ते मागे पडले. रक्कम कुणाची, कशासाठी आली, हे ज्यांना कळत होते त्यांना बँकेने निवृत्तीनंतरही बोलावले. या विषयातही तसेच होणार असे मला वाटते. नुसती आज्ञावली चालवता येणारी मुले पुष्कळ मिळतील. पेशीत काय चालते ते ठाऊक असणारी आणि आकड्यालाही न घाबरणारी थोडी असतील. नोकरीची हमी मी देऊ शकत नाही, तेही त्यांना सांगून टाकले.

"पण शिकू द्या तिला," मी म्हटले. "बँकेत मी येतो बरोबर."

सोमवारी आम्ही तिघे स्टेशनाजवळच्या शाखेत गेलो. टेबलापलीकडचा तरुण अधिकारी फाइल चाळत होता. त्याने मान वर करून विचारले, "यात पुढे काय?" मी उत्तर द्यायला तोंड उघडले होते. पण मुलीने त्याच्या टेबलावरचा एक कागद पुढे ओढला आणि त्यावर लिहिले: क र म त स ल.