पस्तीस लाखांचं घर नक्की कितीला पडतं?

नव्या इमारतींच्या जाहिराती तुम्ही रस्त्यावर, पेपरात नेहमीच बघता. मोठ्ठ्या अक्षरांत लिहिलेलं असतं, 'दोन खोल्या, हॉल, किचन - फक्त ३५ लाखांत!' आणि त्याच्या खाली अगदी बारीक अक्षरांत, 'कर्जाची सोय उपलब्ध'. मोठी अक्षरं सगळेच वाचतात. आज आपण ती बारीक ओळ वाचायची आहे, बरं का! कारण घर खरोखर कितीला पडतं, ते त्या ओळीतच दडलेलं असतं.

घाबरू नका, अवघड गणित अजिबात नाही. शेकडेवारी, गुणाकार आणि वजाबाकी एवढं आलं की झालं. वही-पेन्सिल घ्या, जवळ कॅल्क्युलेटर ठेवा आणि जमलं तर आई-बाबांनाही शेजारी बसवा.

पूर्वी आपल्याकडे बरीच नोकरदार माणसं निवृत्त झाल्यावर, प्रॉव्हिडंट फंडाचे पैसे हातात आले की मग घर बांधायची. पंचवीस-तीस वर्षं भाड्याच्या खोलीत काढायची आणि म्हातारपणी स्वतःच्या घरात जायचं! १९७७ साली मुंबईत हसमुखभाई पारेख यांनी एचडीएफसी ही खास घरकर्ज देणारी संस्था सुरू केली. पगारदार माणसाला तरुणपणीच घर घेता यावं आणि त्याने ते हप्त्याहप्त्याने फेडावं, ही कल्पना त्यानंतर आपल्याकडे रुजत गेली. आज बहुतेक सगळ्या बँका असं कर्ज देतात. म्हणजे कर्ज ही वाईट गोष्ट नाही. पण कुठलीही वस्तू घेताना आपण किंमत विचारतो ना? मग कर्जाचीही किंमत विचारायला हवी.

ताईचा गुणाकार

समजा, एक कुटुंब आहे. आई, बाबा, आठवीतली ताई आणि तिसरीतला धाकटा भाऊ. त्यांना ३५ लाखांचं घर आवडलं. साठवलेले ५ लाख त्यांच्याजवळ आहेत. उरलेले ३० लाख बँकेकडून घ्यायचे. (बँक घराची सगळी किंमत कधीच देत नाही. रिझर्व्ह बँकेच्या नियमाप्रमाणे ३० लाखांपर्यंतच्या कर्जात घराच्या किमतीच्या जास्तीत जास्त ९० टक्के रक्कम मिळते.) व्याजाचा दर बँकेप्रमाणे आणि काळाप्रमाणे बदलतो. आपण हिशेबासाठी ९ टक्के धरू. मुदत २० वर्षं.

बँकेतले साहेब सांगतात, "महिन्याला २६,९९२ रुपये हप्ता बसेल." आई-बाबा एकमेकांकडे बघतात. थोडी ओढाताण होईल, पण जमेल.

ताई मात्र गुणाकार करते. २० वर्षं म्हणजे २४० महिने. २६,९९२ गुणिले २४०. उत्तर येतं ६४,७८,०८० रुपये!

घेतले ३० लाख आणि द्यायचे जवळजवळ ६५ लाख. म्हणजे नुसतं व्याजच ३४ लाख ७८ हजार झालं. मुद्दलापेक्षा व्याज जास्त!

"बँक फसवते की काय आपल्याला?" धाकटा विचारतो.

नाही. बँकेने दर सांगितला, मुदत सांगितली, हप्ता सांगितला. गुणाकार तेवढा आपण करायचा असतो.

हप्त्याच्या पोटात काय असतं?

ताईच्या पुस्तकात सरळव्याजाचं सूत्र आहे. मुद्दल गुणिले दर गुणिले मुदत, भागिले शंभर. त्याप्रमाणे ३० लाखांवर २० वर्षांचं व्याज ५४ लाख येतं. पण आपलं उत्तर तर ३४ लाख ७८ हजार आलं. असं का?

कारण बँक व्याज लावते ते शिल्लक बाकीवर. दर महिन्याला थोडं मुद्दल फिटतं, बाकी कमी होते आणि पुढच्या महिन्याचं व्याजही कमी होतं. (म्हणूनच कोणी 'फ्लॅट रेट'ने कर्ज देऊ केलं तर सावध व्हा. त्यात शेवटपर्यंत पूर्ण मुद्दलावर व्याज मोजतात. दर तोच दिसतो, पण पडतं खूप महाग!)

आता पहिले तीन महिने मांडून बघू. वर्षाला ९ टक्के म्हणजे महिन्याला पाऊण टक्का.

पहिला महिना: बाकी ३०,००,०००. व्याज २२,५००. मुद्दलात गेले ४,४९२.
दुसरा महिना: बाकी २९,९५,५०८. व्याज २२,४६६. मुद्दलात गेले ४,५२६.
तिसरा महिना: बाकी २९,९०,९८२. व्याज २२,४३२. मुद्दलात गेले ४,५६०.

पाहिलंत? बाबांनी जवळजवळ २७ हजार भरले, पण कर्ज कमी झालं फक्त साडेचार हजारांनी. बाकीचे सगळे व्याजात गेले. उलट अगदी शेवटच्या, २४०व्या हप्त्यात व्याज असतं अवघं दोनशे रुपयांच्या आसपास!

याचा परिणाम काय होतो बघा. पाच वर्षांत आई-बाबा १६ लाख १९ हजार रुपये भरतात, पण मुद्दल कमी होतं साधारण ३ लाख ३९ हजारांनी. दहा वर्षं झाली, म्हणजे अर्धी मुदत संपली, तरी २१ लाख ३१ हजार शिल्लक असतातच. कर्ज अर्धं, म्हणजे १५ लाखांवर यायला किती वर्षं लागतात, ठाऊक आहे? चौदा! अगदी रामाच्या वनवासाइतकी.

मुदत वाढली की...

हप्ता जड वाटला की सगळ्यात सोपा उपाय सुचतो तो मुदत वाढवण्याचा. त्याच ३० लाखांचा, ९ टक्क्यांनी केलेला हा हिशेब बघा.

१० वर्षं: हप्ता ३८,००३. एकूण व्याज १५ लाख ६० हजार.
१५ वर्षं: हप्ता ३०,४२८. एकूण व्याज २४ लाख ७७ हजार.
२० वर्षं: हप्ता २६,९९२. एकूण व्याज ३४ लाख ७८ हजार.
३० वर्षं: हप्ता २४,१३९. एकूण व्याज ५६ लाख ९० हजार.

वीसऐवजी तीस वर्षं घेतली तर हप्ता किती उतरला? फक्त २,८५३ रुपयांनी. आणि व्याज वाढलं तब्बल २२ लाखांनी! उलट महिन्याला ३,४३६ रुपये जास्त भरायची तयारी असेल, तर कर्ज पाच वर्षं आधी फिटतं आणि दहा लाख वाचतात.

आणखी एक गंमत. पहिल्या महिन्याचं व्याजच २२,५०० आहे. म्हणजे मुदत अगदी शंभर वर्षं केली, तरी हप्ता २२,५०० च्या खाली जाणं शक्यच नाही. मुदत वाढवून हप्ता कमी होतो, पण जरासाच. त्याची किंमत मात्र भलतीच मोठी असते.

जुन्या लोकांच्या तोंडी 'दामदुप्पट' असा शब्द तुम्ही कधी ऐकला असेल. तो जुन्या हिंदू कायद्यातला एक नियम होता. सावकाराला एका वेळी मुद्दलाहून जास्त व्याज वसूल करता येत नसे. इंग्रजांच्या काळात मुंबई इलाख्यातली न्यायालयंही तो मानत. आपल्या हिशेबात तर दामदुपटीहूनही जास्त रक्कम झाली! पण तो नियम थकून साचलेल्या व्याजासाठी होता. इथे व्याज दर महिन्याला भरलं जातं, ते साचत नाही. म्हणून लगाम कोणी दुसरा लावणार नाही, तो आपणच लावायचा.

दर वर गेला तर?

घरकर्जाचा दर बहुतेक वेळा बदलता असतो. रिझर्व्ह बँक ज्या दराने इतर बँकांना पैसे देते, त्याला 'रेपो दर' म्हणतात. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात हा दर ४ टक्क्यांवरून साडेसहा टक्क्यांवर गेला आणि लाखो घरांचे हिशेब बदलले.

आपल्या कुटुंबाचा दर सुरुवातीलाच ९ वरून १० झाला, असं समजा. हप्ता वाढवला तर तो २८,९५१ होईल. पण बाबा म्हणाले, "हप्ता आहे तोच राहू दे, मुदत वाढवा," तर? मुदत २४० महिन्यांवरून ३१४ महिन्यांवर जाते! एका टक्क्यासाठी सहा वर्षांहून जास्त काळ हप्ते भरायचे. आणि हप्ता तोच राहिल्यामुळे घरात कुणाला पत्ताही लागत नाही. ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने बँकांना सांगितलं, की दर बदलला की हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे कर्जदाराला विचारा. म्हणून बँकेकडून तसं पत्र आलं तर ते ड्रॉवरमध्ये टाकून देऊ नका.

थोडे जादा पैसे

आता चांगली बातमी. सुरुवातीच्या हप्त्यात व्याज जास्त असतं, म्हणूनच सुरुवातीला भरलेले जादा पैसे सगळ्यात जास्त काम करतात. समजा पहिलं वर्ष संपताना बाबांना बोनस मिळाला आणि आईची एक भिशी लागली. दोन्ही मिळून त्यांनी एक लाख कर्जात भरले आणि हप्ता तोच ठेवला. तर पुढचे १९ हप्ते गळून पडतात! म्हणजे पाच लाखांहून जास्त रुपये. दर वर्षाच्या शेवटी नुसता एक हप्ता जादा भरला, तरी वीस वर्षांचं कर्ज साडेसोळा वर्षांच्या आसपास संपतं. आणि बदलत्या दराच्या घरकर्जात असे पैसे आधी भरल्याबद्दल बँकेला दंड घेता येत नाही. रिझर्व्ह बँकेने तो २०१२ सालीच बंद केला.

मात्र सगळी पुंजी कर्जात ओतायची नाही, हं! आजारपण, नोकरी जाणं अशा वेळेसाठी काही महिन्यांचा खर्च बाजूला हवाच. घर बँकेकडे तारण असतं. हप्ते थकत गेले तर घरच हातचं जाऊ शकतं.

मग घर घ्यायचं की नाही?

हिशेबाची दुसरी बाजूही मांडू या. स्वतःचं घर झालं की भाडं वाचतं. वीस वर्षांत पगार वाढतात आणि रुपयाची किंमत उतरते. महागाई वर्षाला ५ टक्के धरली, तर वीस वर्षांनंतरचे २६,९९२ रुपये आजच्या दहा हजारांइतकेच वाटतील. म्हणून ६५ लाखांचा आकडा ऐकून छातीत धडकी भरू द्यायची नाही. पण तो माहीत नसताना सही करायची, असंही नाही.

शिवाय वरचे खर्च वेगळे. महाराष्ट्रातल्या मोठ्या शहरांत मुद्रांक शुल्क साधारण ६ ते ७ टक्के लागतं, म्हणजे ३५ लाखांवर दोन ते अडीच लाख. नोंदणीचे ३० हजार. स्वतःचे ५ लाख आणि बँकेचे हप्ते धरले, तर पाटीवरचं ३५ लाखांचं घर ७२ लाखांच्या वर जातं.

हे सगळं एका कागदावर मागायचा आता आपल्याला हक्क आहे. १ ऑक्टोबर २०२४ पासून रिझर्व्ह बँकेच्या नियमानुसार नवं कर्ज देताना बँकेने 'की फॅक्ट स्टेटमेंट' नावाचा साधा तक्ता द्यावा लागतो. तोही कर्जदाराला समजेल अशा भाषेत. वेगवेगळी शुल्कं धरून वर्षाचा खरा दर किती आणि प्रत्येक हप्त्यात व्याज किती, मुद्दल किती, हे त्यात लिहिलेलं असतं.

करून पाहा

वहीत पाच रकाने आखा: महिना, बाकी, व्याज, मुद्दल, नवी बाकी. आपण तीन महिने केले. पुढचे नऊ तुम्ही करा. दर वेळी बाकीचा पाऊण टक्का काढायचा, तो २६,९९२ मधून वजा करायचा आणि उरेल ते बाकीतून वजा करायचं. बाराव्या महिन्याच्या शेवटी बाकी २९ लाख ४४ हजारांच्या जवळपास आली, तर शाबास, तुमचा तक्ता बरोबर!

आणि तुमच्या घराचंही कर्ज चालू असेल, तर बँकेचं वर्षाचं पत्रक आई-बाबांकडून मागून घ्या. 'व्याज' आणि 'मुद्दल' हे दोन आकडे शोधा आणि रविवारी जेवताना सगळ्यांना वाचून दाखवा.