कात्री कोणाच्या हातात? संकलक श्रीकर प्रसाद यांच्या कामातून शिकण्यासारखे

पा. रंजित यांचा ‘काला’ (२०१८) आपल्यापैकी बहुतेकांनी पाहिला आहे. धारावी, बुद्धविहार, जीपच्या नंबरप्लेटवरील ‘बीआर १९५६’ यावर आपण भरभरून बोललो. दिग्दर्शक आणि रजनीकांत यांची चर्चा झाली. मात्र हा चित्रपट ज्यांनी संकलित केला, त्या ए. श्रीकर प्रसाद यांचे नाव क्वचितच निघाले.

‘काला’चा शेवटचा भाग आठवा. हरिदादाच्या घरी रामकथेचे निरूपण सुरू आहे आणि त्याच वेळी धारावीवर हल्ला होतो आहे. एक दृश्य तिथले, एक इथले. दोन ठिकाणच्या घटना अशा आलटून पालटून जोडण्याला समांतर संकलन म्हणतात. कथेतला रावणवध आणि वस्तीवरचा हल्ला शेजारी शेजारी आले की, पिढ्यान् पिढ्या ऐकलेल्या कथेत ‘राक्षस’ कोणाला ठरवले गेले, हा प्रश्न प्रेक्षकाच्या मनात आपोआप उभा राहतो. त्यासाठी वेगळ्या भाषणाची गरज उरत नाही.

श्रीकर प्रसाद यांनी कोणत्याही एका पठडीत काम केले नाही. तेलुगू, तमिळ, मल्याळम, हिंदी, असमिया अशा अनेक भाषांतले चित्रपट त्यांनी संकलित केले. ‘राख’ (१९८९) या हिंदी चित्रपटासाठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला आणि पुढे हा सन्मान त्यांच्याकडे अनेकदा आला. ‘दिल चाहता है’ (२००१) मध्ये मैत्रीची हलकीफुलकी लय आहे, तर ‘आरआरआर’ (२०२२) मध्ये भव्य मारामारी. नंदिता दास यांच्या ‘फिराक’ (२००८) मध्ये गुजरात दंगलीनंतरच्या एका दिवसातील अनेक माणसांच्या कहाण्या एकमेकींत गुंफल्या आहेत. त्यात भर हिंसेवर नाही, हिंसेनंतरच्या भीतीवर आणि अपराधीपणावर आहे. काय दाखवायचे याइतकेच काय वगळायचे, हेही संकलनात ठरते.

आता आपल्या दृष्टीने महत्त्वाचा मुद्दा. श्रीकर प्रसाद यांचे वडील अक्किनेनी संजीवी हे स्वतः संकलक होते. मुलगा वडिलांच्या हाताखाली शिकला. त्यांची गुणवत्ता निर्विवाद आहे, पण संकलनाचे टेबल घरातच असणे ही मोठी संधी होती. आपल्या वस्त्यांतील मुलांना ती कधी मिळाली? म्हणूनच आपले जगणे पडद्यावर आले तरी त्याला कात्री लावणारे हात बहुतेक वेळा दुसऱ्यांचे राहिले.

आज परिस्थिती थोडी बदलली आहे. मोबाइलवर संकलन करता येते. पुण्याच्या फिल्म अँड टेलिव्हिजन इन्स्टिट्यूटमध्ये संकलनाचे रीतसर शिक्षण मिळते. तरीही १४ एप्रिलचे आपले व्हिडिओ डीजे आणि गर्दीपुरतेच का उरतात? त्याच गर्दीत पुस्तकांच्या स्टॉलवर उभी असलेली मुलगी असते, नातवाला खांद्यावर घेतलेली आजी असते. ते क्षण आपणच कापतो आणि मग माध्यमे आपल्याला फक्त गोंगाट म्हणून दाखवतात, अशी तक्रार करतो.

बाबासाहेबांनी ‘मूकनायक’ काढला, कारण आपली बाजू मांडायला आपले साधन हवे होते. आजच्या साधनांत संकलनही येते. कार्यकर्त्यांनी कॅमेऱ्यासमोर उभे राहावेच, पण आपल्यातल्या काहींनी संकलनाच्या टेबलावरही बसले पाहिजे.

जय भीम!