पहिल्या हस्तकला मेळाव्याची पूर्वतयारी

डहाणू, तलासरी, जव्हार या भागांतील वारली चित्रकला मूळची लग्नघराच्या भिंतीवरची. गेरूने सारवलेल्या भिंतीवर सवाशिणी तांदळाच्या पिठाने चौक लिहीत. जिव्या सोमा म्हसे यांच्यासारख्या कलावंतांनी १९७० च्या दशकात ही कला कागदावर व कापडावर आणली. २०१४ मध्ये तिला भौगोलिक मानांकनही मिळाले.

भिंतीवरच्या चित्राची किंमत कोणी विचारीत नसे. मेळाव्यात ती सांगावी लागते. प्रथमच गाळा मांडणारा कारागीर बहुधा येथेच अडखळतो. कापड व रंगाचे पैसे सुटले की नफा झाला, अशी त्याची समजूत असते.

समजा, एका चित्रास कापड व रंग मिळून ९० रुपये लागले. दिवसभराची मजुरी ४०० रुपये आणि प्रवास, मुक्काम व गाळाभाड्याचा वाटा ६० रुपये धरला, तर ते चित्र ५५० रुपयांना पडते. घासाघीस होऊन ते ३०० रुपयांना गेले, तर मजुरीतील २५० रुपये बुडाले.

म्हणून निघण्यापूर्वीच प्रत्येक वस्तूचा खर्च वहीत मांडावा व किमतीच्या चिठ्ठ्या लावाव्यात. मोठ्या चित्रांबरोबर कमी किमतीच्या लहान वस्तूही न्याव्यात. सुटे पैसे, पावतीपुस्तक आणि मोबाईलवरून पैसे स्वीकारण्याची सोय जवळ असावी. रोजची विक्री त्याच रात्री नोंदवावी.

हा हिशेब मांडून देण्यास पंचायत सदस्य व शिक्षकांनी एक संध्याकाळ दिली, तरी पुष्कळ होईल. मेळाव्याहून परतताना पदरात मजुरी पडली, तरच कारागीर पुढच्या वर्षी पुन्हा गाळा मांडील.