प्रागचे गीतकार नट : कारेल हाश्लेर

सशस्त्र शत्रूचें भय राज्यसत्तेला वाटावें, यांत नवल नाहीं. परंतु साठी उलटलेल्या एका गाणाऱ्या नटाचें भय तिला कां वाटावें? चेक देशाचे विख्यात नट व गीतकार कारेल हाश्लेर यांच्या चरित्रांत या प्रश्नाचें उत्तर सांपडतें.

हाश्लेर यांचा जन्म ३१ ऑक्टोबर १८७९ रोजीं प्राग येथें झाला. त्या काळीं चेक लोक ऑस्ट्रियाच्या साम्राज्याचे प्रजाजन होते, व कचेऱ्यांतून जर्मन भाषेचेंच वर्चस्व होतें. म्हणून आपली भाषा जतन करण्याचें एक मोठें साधन या दृष्टीनें चेक लोक रंगभूमीकडे पाहत. प्रागचें राष्ट्रीय नाट्यगृह त्यांनीं लोकवर्गणींतून उभारलें होतें. १८८१ सालीं तें आगींत जळालें, तेव्हां लोकांनीं पुन्हा पैसा जमविला व १८८३ सालीं त्याचीं दारें पुनः उघडलीं.

हाश्लेर प्रथम हातमोजे शिवण्याचा धंदा शिकले. परंतु त्यांचा ओढा नाटकाकडे होता. १९०३ सालीं याच राष्ट्रीय नाट्यगृहांत त्यांना जागा मिळाली व १९१५ पर्यंत ते तेथें होते. त्याच सुमारास लुत्सेर्ना येथील विनोदी गायनाच्या कार्यक्रमांतून त्यांचीं गाणीं लोकांना आवडूं लागलीं. शब्द त्यांचे, चाल त्यांची व कंठही त्यांचाच! विषय तरी कोणते? जुन्या प्रागच्या गल्ल्या, दिवे, आणि किल्ल्याकडे चढणाऱ्या जुन्या पायऱ्या. चाली इतक्या साध्या कीं एकदां ऐकतांच मुखोद्गत व्हाव्यात. ग्रामोफोनच्या तबकड्यांनीं त्या घरोघरीं पोंचविल्या.

१९१८ सालीं चेकोस्लोव्हाकिया स्वतंत्र झाला. पुढें हाश्लेर चित्रपटांकडेही वळले. १९२७ च्या ‘बातालियोन’ या मूकपटांत, दारिद्र्य व व्यसन यांच्या गर्तेंत उतरलेल्या डॉक्टर ऊहेर या वकिलाची प्रमुख भूमिका त्यांनीं केली. ज्यांची ख्याति आवाजावर उभी, त्यांनीं मुक्यानें अभिनय करून दाखविला, हें विशेष होय. बोलपट आल्यावर १९३२ सालीं ‘पीस्निच्कार्श’ हा चित्रपट निघाला. या शब्दाचा अर्थ गाणीं रचून गाणारा, म्हणजे आपण ज्याला शाहीर म्हणूं तो. नायक अर्थातच हाश्लेर होते. चेक गीताचाच गौरव करणारें त्यांचें एक गाणें तर लोकांना दुसरें राष्ट्रगीतच वाटूं लागलें.

१५ मार्च १९३९ रोजीं हिटलरच्या सैन्यानें प्राग व्यापलें. पुस्तक जप्त करितां येतें, सभा बंद पाडतां येते. परंतु जें गाणें सहस्रावधि लोकांना पाठ आहे, तें कोणत्या कपाटांतून जप्त करावयाचें? गीत जप्त होईना, म्हणून गीतकारास पकडण्यांत आलें. सप्टेंबर १९४१ मध्यें ‘मेस्तेच्को ना दलानी’ या चित्रपटाचें काम चालू असतां नाझींच्या गुप्त पोलिसांनीं हाश्लेर यांना अटक केली. ऑस्ट्रियांतील माउट्‌हाउझेन येथील छळछावणींत त्यांना नेण्यांत आलें. तेथील खाणींत बंदिवानांकडून प्राण जाईपर्यंत दगड फोडून व वाहून घेत. त्या छावणीच्या पसाऱ्यांत सुमारे १,९०,००० माणसें डांबलीं गेलीं. त्यांपैकीं निदान ९०,००० प्राणांस मुकलीं. २२ डिसेंबर १९४१ रोजीं हाश्लेर यांचा तेथें अंत झाला. तेव्हां ते बासष्ट वर्षांचे होते.

५ मे १९४५ रोजीं अमेरिकन सैन्यानें ती छावणी मुक्त केली. ज्यांच्या भयानें गीतकाराचा बळी गेला, त्यांची सत्ता त्याच महिन्यांत धुळीस मिळाली. हाश्लेर यांचीं गाणीं मात्र आजही प्रागमध्यें गाइलीं जातात. जुन्या पायऱ्यांजवळ त्यांचा पुतळाही उभा आहे. परंतु त्यांचें खरें स्मारक दगडाचें नसून लोकांच्या कंठांत आहे. मातृभाषेंतील गाणें मुलांच्या ओठीं बसविणाऱ्या प्रत्येक घरानें हें ध्यानांत ठेवावें.