कूलर आवाज का करतो?

होळी झाली की आपल्या वरुडात माळ्यावरचे कूलर खाली उतरतात आणि दुरुस्तीवाल्याकडे गर्दी होते. माझा अनुभव असा, की पहिली तक्रार गारव्याची नसते. "भाऊ, कूलर लय आवाज करून रायला," हीच असते. ४५ अंशांच्या दुपारी कूलर बंद ठेवणं कुणालाच परवडत नाही, म्हणून लोक तो आवाज तसाच सोसतात. पण प्रत्येक आवाजाची जागा वेगळी असते. काही आवाज नुसते डोकं उठवणारे असतात, तर एखादा जिवाशी गाठ घालणारा.

आधी एक पथ्य. कूलरला हात लावण्यापूर्वी बटण बंद करून भागत नाही, प्लग ओढून बाहेर काढायचा. काही घरांत वायरिंग उलटं झालेलं असतं; बटण न्यूट्रलवर बसलेलं असतं. मग बटण बंद असूनही यंत्रात वीज उभीच राहते.

आता आवाज. सगळा पत्रा खडखडत असेल तर दोष बहुधा क्षुल्लक असतो. कूलरचा डबा पातळ पत्र्याचा, म्हणजे एक ढोलच. स्टँडचा एक पाय आखूड असला, खिडकीच्या चौकटीला डबा टेकत असला किंवा जाळीचा एखादा स्क्रू ढिला झाला, की पंख्याची बारीक थरथर ढोलासारखी घुमते. पायाखाली सायकलच्या जुन्या ट्यूबचा तुकडा घाला, स्क्रू आवळा. निम्म्या घरांचं काम इथेच होतं.

ठेक्यात धडधड होत असेल तर पात्यांकडे पाहा. एका पात्यावर धूळ आणि क्षारांचा थर जास्त बसला किंवा पातं वाकलं, की पंख्याचा तोल जातो. आधी सगळी पाती सारखी पुसून काढा. मग जाळीच्या एका जागी काडी धरून पंखा हाताने हळू फिरवा. प्रत्येक पात्याचं टोक काडीपासून सारख्याच अंतरावरून गेलं पाहिजे. किरकिर येत असेल तर बुश कोरडा पडला आहे. त्यात मशीनच्या तेलाचे दोन थेंब पुरतात. खोबरेल घालू नका, ते घट्ट होऊन बसतं. मोटर नुसती घूं करते आणि पंखा फिरत नाही, तर बहुधा कपॅसिटर गेलेला असतो. अशा वेळी बोटाने पातं ढकलून पंखा चालू करायची एक घातक सवय आपल्याकडे आहे. कपॅसिटर स्वस्तात मिळतो, बोट मिळत नाही. आणि कमी वेगावरच गुणगुण वाढत असेल तर मोटर उघडू नका, रेग्युलेटर तपासा.

उरतो पंप. खरी गोष्ट इथे आहे.

पाण्याची वाफ होताना ते हवेतली उष्णता ओढून घेतं, यावरच कूलर चालतो. एक किलो बर्फ वितळायला जितकी उष्णता लागते, तिच्या साधारण सातपट एक किलो पाण्याची वाफ व्हायला लागते. आपल्या कोरड्या उन्हाळ्यात म्हणूनच हे यंत्र इतकं चालतं आणि दमट मुंबईत चालत नाही. पण वाफ होते ती पाण्याची, क्षार मागेच राहतात. रोज वरून नवं पाणी ओतत गेलं, की टाकीतलं पाणी दिवसेंदिवस जड होतं. संत्र्याच्या बागांसाठी आपल्याकडे बोअर खोल खोल गेल्या, आणि खाली दर्यापूर-अकोटकडे तर खारपाणपट्टाच आहे. असं पाणी पंपात पांढरा थर धरतं. त्यात ताटीचं गवत जाळीवर अडकतं, पंपाला पाणी मिळत नाही, आणि तो घरघरू लागतो.

ही घरघर ऐकून न ऐकल्यासारखी करू नका. या पंपाला पाण्याचाच गारवा असतो. कोरडा चालला की तो तापतो, आतल्या तारांवरचं आवरण खराब होतं, आणि पुढे वीज पाण्यात उतरून पत्र्याच्या डब्यात येऊ शकते. ओल्या फरशीवर अनवाणी उभं राहून चालू कूलरमध्ये बादली ओतणाऱ्या बाईला, किंवा डब्याला धरून उभ्या राहणाऱ्या पोराला, ती आधी गाठते. विदर्भात उन्हाळ्यात कूलरचा शॉक लागून माणसं जातात, हे वाचकांना मी सांगायला नको.

घरघर आली तर आधी पाण्याची पातळी पाहा. पंप पूर्ण बुडालेला हवा. मग प्लग काढून पंप बाहेर घ्या. बहुतेक छोट्या पंपांचं पुढचं झाकण हाताने निघतं, आत लोहचुंबकावर बसवलेलं छोटं पातं असतं. त्यावरचं गवत, केस काढा. पांढरा थर असेल तर कोमट पाण्यात लिंबूसत्व घालून पंप तासभर ठेवा, प्लग मात्र बादलीबाहेर कोरडा राहू द्या. थर विरघळतो. एवढं करूनही घरघर थांबली नाही, किंवा वायर कुठे चिरलेली दिसली, तर पंप बदला. तो काही फार महाग नसतो.

डब्याला अर्थिंग हवंच. दोन पिनांचा प्लग लावून ते मिळत नाही, तीन पिनांचा लावा. आणि भिंतीतल्या सॉकेटला खरोखर अर्थिंग आहे का, ते वायरमनकडून तपासून घ्या. ३० मिलिअँपिअरचा गळतीरोधक स्विच घराच्या बोर्डात बसवला, तर गळती होताच क्षणात वीज तुटते. नव्या ताट्यांवर खर्च करण्याआधी मी गिऱ्हाइकाला तो बसवायला सांतो, मग ताट्या माझ्याकडून घेतल्या नाहीत तरी चालतील.

आठवड्यातून एकदा टाकी पूर्ण रिकामी करून घासा. क्षार जातात आणि डेंग्यूच्या डासांची अंडीही जातात. पावसाळा लागून कूलर माळ्यावर चढवताना पंप तसाच आत सोडू नका. साध्या पाण्यात पाच मिनिटं चालवा, प्लग काढा, कोरडा करून कापडात गुंडाळा आणि वेगळा ठेवा. क्षार आत वाळले, की पुढच्या होळीला तो फिरतच नाही.